भगवानच्या लॅपटॉपचा पासवर्ड

हे मी बायकोलाही कधी सांगितलं नाही. ती गेली, भगवानही गेला — आता तुम्हाला सांगतो.

परळीत आम्ही दोघं घरांचे नकाशे काढायचो. भगवान माझ्याहून बराच लहान, माझ्याच हाताखाली तयार झालेला. मग कॉम्प्युटरचे दिवस आले आणि त्याने पुण्याहून एक जुना लॅपटॉप आणला. ज्या नकाशाला मला तीन दिवस लागायचे, तो भगवान दुपारपर्यंत संपवायचा. गिऱ्हाईक सरळ त्याच्या टेबलाकडे वळायला लागलं. माझ्या जागी तुम्ही असता तर — नको, तुम्हाला कशाला मध्ये ओढू?

मशीन सुरू होताना एक कळ दाबली की निळा पडदा येतो. तिथे पासवर्ड ठेवला की त्याशिवाय मशीन पुढे हलत नाही. हे त्यानेच मला हौसेने दाखवलं होतं. एकदा तो जेवायला गेला असताना मी तिथे माझंच नाव टाकलं. मनोहर. का? माझ्यावाचून ते उघडू नये म्हणून — दुसरं काय?

"नाना, ह्यो पासवर्ड म्या कवा टाकला?"

"तूच टाकला असशील. आठव."

त्याचे आप्पा म्हातारपणी नारायणगडाच्या जत्रेत हरवले होते. सापडले तेव्हा त्यांनी भगवानलाच विचारलं, तू कुणाचा? तेव्हापासून त्याला एकच धास्ती होती. ती मला ठाऊक होती — तरी मी 'आठव' म्हणालो.

दोन दिवस तो वहीत नावं लिहीत बसला. पोरीचं, गावाचं, बैलांची. तीनदा चुकलं की मशीन अडायचं. बंद करून पुन्हा पहिल्यापासून. मी शेजारी बसून नावं सुचवत होतो. हो, सुचवत होतो.

तिसऱ्या दिवशी ते उघडलं.

"नाना, तुमचंच नाव ठिवलं हुतं की म्या!" तो हसला. मग खुर्चीत बसला. "आन् इसरलो बगा. आप्पावानी."

तेव्हा बोलता आलं असतं. मी म्हणालो, "वय झालं की होतंच." — चाळिशीचाही नव्हता तो.

पुढे प्रत्येक माप तो मला दोनदा विचारून लिहायचा. मोठी कामं त्याने सोडली. लोकांच्या घराला धोका नको म्हणाला. रोज ऑफिसला कुलूप घातलं की जिन्यात थांबायचा.

"नाना, लावलं ना म्या?"

"लावलंस."

अठरा वर्षं.

त्याची आठवण शेवटच्या दिवसापर्यंत शाबूत होती. हे फक्त मला माहीत होतं.