इबेमचाताईंनी मिटून ठेवलेल्या गोष्टी

मणिपूरमध्ये चुलीभोवती बसून सांगायच्या गोष्टींना 'फुंगा वारी' म्हणतात. फुंगा म्हणजे चूल, वारी म्हणजे गोष्ट. खोटं बोलू नये, शेजारी उपाशी राहू देऊ नये, हे तिकडची मुलं त्यातूनच शिकतात. अशा गोष्टी सांगणाऱ्या एक बाई आपल्या हिंगोली जिल्ह्यात आहेत असं कळल्यावर मला राहवेना. मी त्यांच्या नवऱ्याला फोन केला. सुभाषराव फौजेत होते. मणिपुरात लग्न करून त्यांनी इबेमचाताईंना डोंगरकड्याला आणलं, त्याला वीस वर्षं झाली.

"ती आता गोष्टी सांगत न्हाई," ते म्हणाले. "तरी या. चहा तर पिऊन जा."

पुण्याहून रेल्वेनं नांदेड गाठलं. मुक्काम तिथंच करा. सकाळी वारंगा फाट्याकडं जाणारी एसटी पकडली की अर्धापूर मागं टाकून तासाभरात डोंगरकडा. बायकांना अर्धं तिकीट. रस्त्याला केळीच्या बागा आहेत, पण खड्ड्यांमुळं बघायला उसंत मिळत नाही.

घराबाहेर शेजारच्या गंगाबाई तूर निवडत होत्या. "आमची लेकरं हिच्याच गोष्टी ऐकून मोठी झाली," त्या म्हणाल्या. "माझ्या पोरीनं एकदा कुणाच्या बागेतली केळी तोडली, अन् हिची गोष्ट ऐकून सोताच परत द्यायला गेली. आता ही गप्प ऱ्हाते. काहून, ते तिलाच इचारा."

इबेमचाताईंनी भाकरी आणि अंबाडीची भाजी वाढली. जेवणानंतर मी गळ घातली. शेवटी त्या सांगू लागल्या. एक बाई शेजारणीला चुलीतला विस्तव देत नाही. पुढं हिचीच चूल विझते. ती शेजारणीच्या दारात जाते.

त्या थांबल्या.

"मग?"

"मग शेजारीण विस्तव देते. ही लाजते. पण ते खोटं हाय, ताई. माझ्या आईनं हीच गोष्ट गल्लीतल्या सगळ्या लेकरायला सांगितली. तिकडं मणिपुरात दंगल झाली तवा आईचं घर जाळायला आले, त्यातले दोघं आमच्याच चुलीपाशी बसून वाढलेले. आई आता बेघर लोकायच्या छावणीत हाय. मी इथं कोणत्या तोंडानं सांगू?"

"म्हणून तर सांगायला पाहिजे," मी म्हटलं.

"मग तुमी सांगा," त्या शांतपणे म्हणाल्या आणि ताटं उचलायला लागल्या.

सुभाषराव स्टँडवर सोडायला आले. "आईला रोज फोन लावते," ते म्हणाले. "लागला तर दोघी जेवलीस का, एवढंच बोलतात."

पुण्यात परतून दोन आठवडे झाले. काय घेऊन आले, असं स्वतःला विचारते. नोंदवहीत अर्धं पान भरलं आहे आणि एक वाक्य मला छळतं, जे मी त्यांच्या घरात बसून फार सहज बोलून गेले. वाचणारे घराचा पत्ता विचारतील. मी देणार नाही.

परवा सुभाषरावांचा फोन आला. इबेमचाताईंच्या आई छावणीतच वारल्या.

"ताई रडल्या का?" मी विचारलं.

"न्हाई," ते म्हणाले. "म्हणते, कुणापाशी रडू? या गावात माझ्या आईला कुणी पाहिलंच न्हाई."