इजिप्तची वहिनी

माझ्या थोरल्या भावानं कुवेतमध्ये एका इजिप्शियन बाईशी लग्न लावलं, ही बातमी शिरूरच्या आमच्या गल्लीला सगळ्यांत आधी मी दिली. खुद्द अशोकदादाला ती त्यानंतर तीन आठवड्यांनी कळली.

गोष्ट सत्तरच्या दशकातली. दादा पाइप फिटर होता. दौंडला रेल्वेत नोकरी करणाऱ्या सोनवणेमामांच्या मंदाशी त्याचा साखरपुडा झाला आणि पंधरा दिवसांत एजंटानं त्याला कुवेतच्या विमानात बसवलं. दोन वर्षांचा करार होता. परत आला की लगेच लग्न, असं दोन्ही घरचं ठरलं होतं. आमच्या गल्लीतून तोवर कुणी मुंबईच्या पलीकडे गेलं नव्हतं, त्यामुळे दादाला निरोप द्यायला आलेली माणसं बघून एस.टी. स्टँडवर लोकांनी कुणी पुढारी आलाय का म्हणून चौकशी केली.

घरात वाचणारा मी एकटा. गल्लीतला पहिला मॅट्रिक! आप्पा कचेरीत शिपाई होते. हयातभर त्यांनी साहेबांचे कागद इकडून तिकडे नेले, पण त्यांतला एकही त्यांना वाचता आला नव्हता. त्यामुळे पोरगा पत्र वाचतो याचं त्यांना केवढं अप्रूप! दादाचं पत्र आलं की आई अंगणात सतरंजी टाकायची, शेजारच्या पारूमावशी गुळाचा चहा घेऊन यायच्या आणि मी घसा खाकरून रेडिओवरच्या बातम्यांसारखा सुरू व्हायचो.

आता एक कबुली देतो. (इतकी वर्षं झाली, आता कोण मारतंय!) दादाचं पत्र सहा पानी असायचं आणि माझी कबड्डी सहाला सुरू व्हायची. त्यामुळे मी पहिलं पान वाचायचो आणि शेवटचं पान वाचायचो. पहिल्यावर खुशाली, शेवटच्यावर सर्वांना सप्रेम जयभीम. मधल्या पानांत दुसरं काय असणार, असा माझा अनुभवी अंदाज होता. नुसतं वाचून दाखवायचंच मी टाळत नव्हतो, मी स्वतःही ती वाचत नव्हतो. एकदा आईनं विचारलंच, “एवढी पानं आन् एवढ्यात सरलं?” मी म्हणालो, “दादाचं अक्षर लई मोठं हाय.” आईला बिचारीला पटलं.

तसे अधूनमधून इशारे मिळत होते. दादानं कुणाबरोबर तरी तेलाची एक सुरेख बाटली पाठवली होती. आईनं त्यात भजी तळली. भजी कडू लागली आणि तोंडाला दोन दिवस कापराचा वास येत राहिला. परदेशी तेल असंच असतं, असं मी सर्वांना समजावून सांगितलं.

मग जूनमध्ये शिक्रापूरचा एक फिटर सुट्टीवर आला. तो दादाच्याच कॅम्पातला. त्यानं आईला नायलॉनचं पातळ दिलं, आप्पांना विजेरी दिली आणि शेवटी कागदात गुंडाळलेला एक फोटो माझ्या हाती ठेवला. “ह्यो नीट ठेवा. अशोकनं जीवापाड जपलाय,” एवढं बोलून तो परतीच्या एस.टी.साठी पळाला.

आम्ही कागद सोडला आणि सगळे गार पडलो. फोटोत एक बाई होती. गोरीपान, मोठाले डोळे, केस फुगवलेले, हनुवटीखाली हात, आणि बघणाऱ्याकडे सरळ बघत हसणारी. फोटोवर उजवीकडून डावीकडे शाईनं काहीतरी लिहिलेलं होतं आणि खाली सही. पारूमावशींनी फोटो उलटा, सुलटा आणि उन्हात धरून पाहिला.

“तिकडं लग्नाचा दाखला फोटोवरच लिवून देत असतील,” त्या म्हणाल्या.

कालच आलेल्या पत्रात काही आहे का बघ, असं आप्पांनी मला सांगितलं. मी काल नेहमीप्रमाणे पहिलं आणि शेवटचं पान वाचून कबड्डीला गेलो होतो, हे त्यांना कुठं माहीत! मी पत्र आणलं, पानं चाळली, तिसऱ्या पानावर ‘ती’ दिसली आणि तिथूनच वाचायला लागलो. आपण काय वाचतोय हे कळायच्या आत माझा तो बातम्यांचा आवाज चार घरं ओलांडून गेला होता.

दादानं लिहिलं होतं : “ती रोज संध्याकाळी बरोबर साडेसातला येते. आम्ही अकरा जण हातपाय धुऊन तिची वाट बघत बसतो. ती येऊन गेल्याशिवाय कुणी जेवत नाही. बिचारीनं फार सोसलंय. आधीच्या दोन्ही नवऱ्यांना तिची किंमत कळली नाही. परवा तिचं तिसरं लग्न लागलं. आम्ही कॅम्पात साखर वाटली. नवरदेव हुबेहूब माझ्यासारखा दिसत होता, असं सगळेच म्हणाले.”

“हुबेहूब दिसणारच की,” पारूमावशी म्हणाल्या. “त्योच असल.”

आईनं माझ्या हातातून पान हिसकावलं. तिला वाचता येत नव्हतं, तरी ती त्या पानाकडे असं बघत होती की शाई पुसून जावी. पुढं एक अक्षर वाचायचं नाही, असं तिनं मला बजावलं. घरातली सगळी पत्रं गोळा करून तिनं ट्रंकेत टाकली, कुलूप लावलं आणि किल्ली कमरेला खोचली. फोटो पिठाच्या डब्यामागे गेला. तोवर चार घरांतून बायका आल्या होत्या, आणि दिवेलागणीपर्यंत ती बाई अकरा जणांना जेवू घालते इथपासून तिला आधीची सहा पोरं आहेत इथपर्यंत बातमीची प्रगती झाली.

मी हादरलो होतो. दादावर माझा जीव होता. मला मॅट्रिक करण्यासाठी त्यानं स्वतःची शाळा सोडली होती. तो असं करेल? पण त्याचंच अक्षर आणि माझाच आवाज! मनात एक किडा मात्र वळवळत होता. ट्रंकेत अशी चाळीस-पन्नास पानं होती, जी मी कधी उलटलीच नव्हती. त्यांत काहीतरी खुलासा असणार. पण ते बोललो असतो, तर वर्षभराची माझी वाचकगिरी उघडी पडली असती.

दोन दिवस आप्पा जेवले नाहीत. तिसऱ्या दिवशी त्यांनी ठरवलं. “पोरीच्या बापाला आपनच जाऊन सांगायचं,” ते म्हणाले. “दुसऱ्याकडनं कळलं तर माझं तोंड ऱ्हाईल का? तिला मोकळं करायचं. आपल्या पोरापायी तिनं का खोळंबून ऱ्हावं?” मंदा त्यांना मनापासून आवडली होती. साखरपुड्याच्या दिवशी तिनं कागदावर त्यांचं नाव लिहून, ते त्यांना हात धरून गिरवायला लावलं होतं. आप्पांनी तो कागद अजून पाकिटात ठेवला होता.

सकाळच्या एस.टी.नं आम्ही तिघं दौंडला निघालो. पिशवीत साखरपुड्याला त्यांनी दिलेलं धोतर-पातळ परत करायला घेतलं होतं, फोटो होता आणि पुरावा म्हणून सगळी पत्रं. वाटेत आईनं मला एकदाच विचारलं, इजिप्त कुठं आलं? मी म्हणालो, कुवेतच्या अलीकडं. (हेही चूक होतं, ते पलीकडं आहे. पण त्या दिवशी भूगोलाची चूक कुणी मोजत नव्हतं.)

सोनवणेमामांनी रेल्वे क्वार्टरच्या दारातच हसून स्वागत केलं. आप्पांनी टोपी काढली, पिशवी खाली ठेवली आणि उभ्यानंच बोलायला लागले. मामांचं हसू हळूहळू उतरत गेलं. मामी स्वयंपाकघराच्या दारात थिजल्या. शेवटी आप्पांनी फोटो पुढं केला आणि म्हणाले, “ही बघा. माझ्या पोरानं तुमचा इस्वास मोडला. मी पाया पडतो.”

ते खरंच वाकले. तेवढ्यात आतून मंदा आली. ती बालवाडीत शिकवायची, त्यामुळे मोठ्या माणसांचा गोंधळही ती पोरांच्या गोंधळासारखाच शांतपणे बघायची. तिनं आधी आप्पांना धरून उठवलं. मग फोटो पाहिला आणि तिचा चेहरा असा खुलला की आईला वाटलं, पोरीच्या डोक्यावर परिणाम झाला.

“आला व्हय हिचा फोटो?” मंदा म्हणाली. “मला वाटलं, एवढी मोठी नटी, ती कशाला पाठवतीय.”

मग तिनं सगळ्यांना खाली बसवलं आणि सांगितलं. दादाच्या कॅम्पात टीव्ही नावाचा पेटारा होता. त्यात घरबसल्या सिनेमासारखं दिसायचं, पण रोज थोडं थोडं. आम्हाला टीव्ही ऐकूनही माहीत नव्हता, त्यामुळे तोच माणूस रोज त्याच वेळेला घरात येतो आणि गोष्ट अर्धवट टाकून जातो, हेच समजायला अर्धा तास गेला. ही बाई इजिप्तची. कैरोच्या एका गल्लीत वाढलेली, ट्रामच्या कंडक्टरची पोर. शाळेच्या गॅदरिंगमध्ये गायली, मग रेडिओवर आली, मग नाटकांत. पाच वर्षं तिला मोलकरणीचं काम आणि ‘चहा आणू का’ एवढंच वाक्य मिळालं. एकदा मोठी नटी आजारी पडली, तेव्हा हिला सगळं नाटक पाठ निघालं. तिथून टीव्ही. आता ती आली की तिकडच्या अख्ख्या मुलखात रस्ते ओस पडायचे. दादाचा मुकादम इजिप्तचा होता, तो शेजारी बसून सगळं समजावून द्यायचा. त्याच्याच हातून दादानं तिला पत्र लिहवून घेतलं होतं.

“आन् त्ये दोन नवरे? तिसरं लगीन?” आईनं विचारलं.

“ते गोष्टीतलं. खऱ्यात तिला एकच नवरा हाय, दातांचा डॉक्टर.”

“म्हंजी बाई खोटी?”

“बाई खरी, आई. लगीन खोटं.”

एवढ्यात शेजारच्या क्वार्टरमधल्या दोघी दारात डोकावल्या. पाहुणे बघून त्या संकोचल्या, पण राहवेना म्हणून एकीनं विचारलंच, “मंदा, लागलं का गं तिचं लगीन? आडवा न्हाई ना आला कुनी?” मामांच्या परवानगीनं दादा मंदालाही लिहायचा, आणि इजिप्तची ती मालिका दौंडच्या रेल्वे क्वार्टरमधल्या बाया पंधरा दिवस उशिरा, पण एकही भाग न चुकवता, पोस्टानं बघत होत्या!

आप्पा हसले. तीन दिवसांत पहिल्यांदा. आईनं पदर तोंडाला लावला आणि ती हसतेय की रडतेय ते कळेना. मीही मोठ्यांदा हसलो. तिथंच थांबलो असतो तर बरं झालं असतं, पण मी मान हलवून म्हणालो, “दादानं आम्हाला कळवायला पायजे होतं.”

मंदा माझ्याकडं वळली. “तुम्हालाबी कळवलंय की, वसंतभाऊ. ते लिहितात मला, घरच्या पत्रात तिची दोन पानं असत्यात म्हणून. तुम्ही सगळी पानं वाचत न्हाई का?”

आप्पांनी पिशवीतून पत्रांचा गठ्ठा काढला आणि माझ्याकडं न बघता मंदाच्या पुढ्यात ठेवला. “तू वाच, पोरी. मधली.”

तिनं वाचलं. टीव्ही म्हणजे काय, हे पहिल्याच पत्राच्या दुसऱ्या पानावर चित्र काढून समजावलेलं होतं. दिवाळीच्या पत्रात होतं की, तेल पाठवतोय ते आईच्या गुडघ्यांसाठी, चुकूनही पोटात जाऊ देऊ नका. आईनं माझ्याकडं पाहिलं. मी जमिनीकडं पाहिलं. मग मंदानं फेब्रुवारीचं पत्र उघडलं, चौथं पान काढलं आणि वाचता वाचता एकदम थांबली. आप्पांनी खूण केल्यावर तिनं हळू आवाजात पुढं वाचलं.

“वसंतासाठी इथं कारकुनाची जागा बघितलीय. साहेब हो म्हणालाय. मॅट्रिकचा दाखला मार्चअखेर माझ्या हाती पडला पाहिजे, नाहीतर जागा दुसऱ्याला जाईल. एवढ्यासाठीच त्याला शिकवला. आप्पा, आता तुमची दोन्ही पोरं विमानात बसतील.”

तेव्हा जून संपत आला होता. आप्पांनी खिशातलं पाकीट काढलं, त्यातला तो गिरवलेला कागद उलगडला आणि मंदाला म्हणाले, “मलाच शिकीव पुढचं. घरात एक तरी वाचणारा पायजे.”

पुढं ठरल्याप्रमाणे दादा आला, लग्न झालं आणि त्या बाईचा फोटो फ्रेम होऊन मंदावहिनीच्या भिंतीवर गेला. आप्पा साठीच्या पुढं पत्र वाचायला शिकले, सगळी पानं, कोपऱ्यातल्या तारखेसकट. मलाही यथावकाश सरकारी नोकरी लागली. सरकार माणूस बरोबर पारखतं. तेहतीस वर्षं मी शिरूरमध्ये पोस्टमन होतो. लोकांची पत्रं दारापर्यंत न्यायची आणि न उघडता देऊन टाकायची. या कामात माझ्याविरुद्ध एकही तक्रार आली नाही.