गव्हाच्या पोत्यातली तूर

माझ्या मोठ्या बहिणीच्या नवऱ्याने नमुना पाहिल्याशिवाय आयुष्यात कशावरच विश्वास ठेवलेला नाही. देवासमोर ते हात जोडतात, पण तेही तिथे नमुना कुठून काढायचा हे कळलं नाही म्हणून. नांदुऱ्याच्या बाजारात त्यांचं धान्याचं दुकान आहे आणि हातात कायम परखी असते. परखी म्हणजे पोत्यात खुपसायची टोकदार, पोकळ सळई. खुपसली की आतले मूठभर दाणे नळीतून तळहातावर येतात. दाणे न्याहाळायचे, एक दाताखाली फोडायचा, भाव बोलायचा आणि परखीने तागात पडलेलं भोक अंगठ्याने चोळून मिटवायचं, हे सगळं श्वास घेतल्यासारखं चालतं. लग्नाला गेले की अहेराआधी ते आचाऱ्याकडे जातात आणि पळीभर वरण चाखून मगच मांडवात बसतात. मुलीला दुसरबीडचं स्थळ आलं तेव्हा मुलाच्या घरासमोरच्या चहाच्या टपरीवर दिवसभर बसून आले आणि म्हणाले, "पोरगा चांगला हाये. चहावाल्याले अहो म्हनते." जावई खरंच चांगला निघाला, त्यामुळे ही खोड मोडायची संधी आमच्या हातून कायमची गेली.

स्वतःचा नमुना मात्र त्यांनी कधी कोणाला काढू दिला नाही. रक्त तपासायची सुई दिसली की ते तुरीच्या भावावर बोलू लागत. गेल्या हिवाळ्यात त्यांना जुलाब झाले. ते थांबले, मग पायांत मुंग्या सुरू झाल्या आणि एका सकाळी दुकानाची पायरी चढताना पाय उचललाच नाही. मी शाळेत विज्ञान शिकवते, म्हणून आमच्या घरातले सगळे दवाखाने माझ्या वाट्याला येतात. अकोल्याच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं, की अशक्तपणा वर चढतो आहे. तो श्वासापर्यंत पोहोचायच्या आत कारण कळायला हवं. पाठीच्या मणक्यातून थोडं पाणी काढून तपासावं लागेल. भाऊजींनी पलंगाची कड धरली.

"मनक्यातलं पानी काढलं का मानूस लुळा होते."

"मंग आता काय तुमी पळून राह्यले?" बहीण म्हणाली.

"तू गप बस वं."

दुपारपर्यंत त्यांना पाण्याचा पेला उचलेना, तरी नाही ते नाहीच. मी वाद घातला नाही. परखी त्यांनी दवाखान्यातही आणली होती. ती उशीखालून काढली आणि त्यांच्यासमोर धरली.

"भाऊजी, हे घातल्यानं पोतं रिकामं होते का?"

"नाई."

"अन् भोक?"

"अंगठ्यानं चोळलं का मिटते," ते म्हणाले. "बोलवा त्या बाईले. पन नमुन्यापुरतंच काढा म्हना, मास्तरीनबाई."

नमुन्यापुरतंच काढलं. रिपोर्ट आला, त्या पाण्यात प्रोटीन वाढलं होतं. भाऊजींचा चेहरा उजळला. "जनमभर दाळ खाल्ली. वाया नाई गेली." बहिणीने ही आनंदाची बातमी कळवायला मुलीला फोनही लावला; मी तो काढून घेतला.

डॉक्टरीणबाईंनी खुर्ची ओढली. डाळीचा आणि या पाण्याचा संबंध नाही, त्या म्हणाल्या. मेंदू आणि मणक्याभोवतीच्या या पाण्यात प्रोटीन अगदी थोडं असतं. नसांची मुळं सुजली की ते रक्तातून तिथे झिरपतं. जंतूंमुळेही वाढतं, पण तेव्हा बहुधा पांढऱ्या पेशीही वाढतात, आणि यांच्या वाढलेल्या नाहीत. जंतूंशी लढणारी शरीराची ताकदच नसांवर उलटलेली दिसते. तरी एकट्या प्रोटीनवरून आजार ठरत नाही. पायांची अवस्था आणि नसांची तपासणी जोडूनच बघायचं.

भाऊजींनी डोळे मिटून ऐकून घेतलं. "म्हंजे गव्हाच्या पोत्यात तूर निघाली," ते म्हणाले. "तूर काई वाईट नसते. पन थे तिथं आली कुठून, हे पाहा लागते. अन् एका परखीवर सौदा करू नये."

"बरोबर," डॉक्टरीणबाई म्हणाल्या आणि नसांची तपासणी लिहायला लागल्या.

त्या तपासणीनेही तेच सांगितलं, मग शिरेतून औषध गेलं. अशक्तपणा श्वासापर्यंत पोहोचला नाही. पाय परत यायला उन्हाळा उजाडला. बोटं मात्र पुरती परत आली नाहीत. आता ते दुकानात खुर्चीवर बसतात आणि परखी बहीण खुपसते. "तिरपी घाल वं, भाला नाई तो," हे दिवसभर चालतं. भोक मिटवायचं काम मात्र त्यांनी कोणालाच दिलेलं नाही. अंगठ्याला ताग नीट लागत नाही, म्हणून ते गरजेपेक्षा जास्त वेळ चोळत राहतात आणि मग विचारतात, "मिटलं का?"

परवा बहीण आत चहा टाकायला गेली होती आणि मी शेजारी उभी होते. भोकातून गव्हाचे दोन दाणे बाहेर डोकावत होते.

"हाव, मिटलं," मी म्हटलं.

त्यांनी बघितलं नाही. माझा शब्द घेतला आणि खुर्ची पुढच्या पोत्याकडे सरकवली. त्यांची पाठ वळल्यावर मी वाकून ते भोक चोळलं.