देवाजवळचा मास्क

मोबाईल, काठीला बांधलेला माइक आणि जगाला जागं करायची घाई, एवढं सामान घेऊन मी केळझरहून स्कूटीवर निघाले. घरातली पहिली ग्रॅज्युएट असल्यामुळे ही घाई मला जरा जास्तच आहे. कारखान्यातल्या सुरक्षिततेवर छोटा माहितीपट करायचा होता. नायक ठरलेला: अल्लीपूरचा माझा मामा. तो जिनिंगमध्ये, सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाच्या धुळीत काम करतो आणि हल्ली वाक्याच्या मध्येच खोकतो. पहिल्या पगारातून मी त्याला चांगला, फिल्टरवाला मास्क घेऊन दिला होता. मास्क लावून काम करणारा मामा, हा माझा शेवटचा शॉट!

तुम्ही अल्लीपूरला जाणार असाल तर थंडीत जा. वर्ध्यात तर्री-पोहे खा, तीसेक रुपयांत दुपारपर्यंत निभतं. पुढे कापसाच्या गाड्यांमागे मात्र धीर धरा.

जिनिंगमध्ये पोचताच मी घोकलेलं वाक्य म्हटलं, "श्रमिकांनो, जागे व्हा!"

"सकाळपासून जागाच आहो वं," मामा तोंडावरचा दुपट्टा सारून म्हणाला.

"मास्क कुठंय?"

"घरी. देवाजवळ."

जेवायला घरी गेलो, तर खरंच! देव्हाऱ्याशेजारी प्लास्टिकच्या पिशवीत मास्क, मास्कवर दसऱ्याचं हळदकुंकू.

"भाचीच्या पहिल्या पगाराचा आहे," मामी म्हणाली. "धुळीत खराब नाई का होणार बाई?"

मी फुप्फुसांवर भाषण ठोकलं. (नंतर पाहिलं, तर फ्रेममध्ये फक्त मीच.) मामानं सगळं ऐकलं, मग तो खोकला आणि त्यानं अंगणाकडे बोट दाखवलं. स्कूटीच्या आरशाला माझं हेल्मेट लटकत होतं. मला नोकरी लागल्यावर बाबांनी घेतलेलं, काचेवरचं प्लास्टिकही न काढलेलं.

"हे काऊन नाई घातलं?"

"ओरखडे पडतील म्हणून."

मामी इतकी हसली की तव्यावरची भाकर करपली.

"तू घालजो," मामा म्हणाला, "मग मीबी लावतो."

प्लास्टिक मी तिथेच सोललं. परतीच्या वाटेवर केस चपटे झाले, मान अवघडली आणि माहितीपटाचा शेवट हातात नव्हता.

तो शेवट आठवड्यानं फोटो होऊन फोनवर आला: मशीनपुढे मामा, मास्क लावलेला, हळदकुंकवाच्या वर धुळीचा थर. खाली मामीचा निरोप, "लय मळला वं. आता नवीन आणजो." खोकला अजून आहे, पण मळका मास्क बघून इतका आनंद होईल असं वाटलं नव्हतं.

माझ्या हेल्मेटलाही पहिला ओरखडा पडलाय. बाबांना अजून सांगितलेलं नाही.