आईचा शेवटचा चढ

माझ्या आईला पायऱ्या दिसल्या की राहवत नाही. लोकांच्या आया साड्यांच्या दुकानासमोर थांबतात, कुणाच्या तरी सुनेची चौकशी करत चौकात थांबतात. आमची आई जिन्यापाशी थांबते, मान वर करून शेवटपर्यंत बघून घेते आणि पदर खोचते. दौलताबादचा किल्ला ती दोनदा चढली. अजिंठ्याला डोलीवाले मागं लागले, तर त्यांनाच म्हणाली, तुम्ही दमला असाल, बसा जरा. जालन्याच्या दवाखान्यात चांगली चालू लिफ्ट सोडून ती जिन्यानं वर गेली, तेही गुडघे दाखवायला. डॉक्टरांनी एक्सरे उजेडात धरला आणि सांगितलं की गुडघे झिजलेत, आता पायऱ्या बंद. आईनं मान डोलावली आणि जिन्यानंच खाली आली.

हे वेड कुठून आलं ते आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे. तिच्या माहेरी, घनसावंगीकडच्या एका खेड्यात, एक देऊळ आहे. लहानपणी ती तिच्या आईबरोबर तिथं गवऱ्या पोचवायला जायची. गवऱ्या खालच्या पायरीपाशी ठेवायच्या आणि मागं सरकून उभं राहायचं. गवऱ्या वर जायच्या, यांनी जायचं नाही. प्रसाद असला तर वरून ओंजळीत टाकायचे, आणि नेम चुकला तर तो मातीतून वेचायचा. पुढं आजोबांनी दीक्षा घेतली, घरातले देव नदीला सोडले, आणि देवळाचा विषय आमच्याकडं कायमचा संपला. पायऱ्यांचा तेवढा संपला नाही.

माझा धाकटा भाऊ अमेरिकेत कॉम्प्युटरवर काहीतरी करतो. काय करतो ते त्यानं मला बऱ्याचदा समजावलंय, पण पालथ्या घड्यावर पाणी. तिथं बसून तो आमचं घरही चालवतो, म्हणजे उंटावरून शेळ्या हाकतो. आईनं गोळी घेतली का, कूलरमध्ये पाणी आहे का, गॅस बंद केला का. आईनं तिकडं यावं म्हणून तो कित्येक वर्षं मागं लागला होता, आणि आई म्हणायची, तिथं येऊन मी काय करू, तुझ्या खिडकीतून बर्फ बघू? मग एकदा त्यानं फोनवर तिला एक फोटो दाखवला. शेजारच्या मेक्सिको देशात माया नावाच्या लोकांचं जुनं शहर आहे, त्याचे अवशेष. मधोमध डोंगराएवढं दगडी देऊळ, चारी बाजूंनी पायऱ्या, आणि पायऱ्यांवर माणसंच माणसं. आईनं माझ्या हातातून फोन घेतला.

"हे चढू देतेत का?"

"हो," भाऊ म्हणाला. इंजिनियर माणूस, हो म्हणायला त्याचं काय जातंय.

आईनं तिथंच सौदा केला. गुडघ्यात एक चढ बाकी आहे, तो हा. एवढं चढून आले की पायरीचं नाव काढणार नाही, डॉक्टर म्हणेल तसं वागीन. इतक्या वर्षांत जे आम्हा दोघा भावंडांना जमलं नव्हतं, ते माया लोकांनी मेल्यावर करून दाखवलं. आई कामाला लागली. रोज पहाटे गच्चीच्या जिन्यावर तालीम, संध्याकाळी गुडघ्यांना तिळाचं तेल. मुंबईला व्हिसाच्या खिडकीवर साहेबानं विचारलं, कशाला जायचंय, तर तिला पढवलेलं उत्तर होतं, मुलाला भेटायला. ती म्हणाली, मुलाला भेटायला आणि चढायला. साहेबानं काय समजून शिक्का मारला देव जाणे.

आणि तिला एकटीला कसं पाठवायचं म्हणून शेपटासारखी मी. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. उन्हाळ्याच्या सुट्टीत माझ्या मैत्रिणी महाबळेश्वरला गेल्या, आणि मी जालन्याचं ऊन सोडून समुद्रापलीकडं तसलंच ऊन खायला गेले. वर तिथं घामही जास्त येतो.

भावाबरोबर आम्ही मेक्सिकोला गेलो, त्या सहलीचं काय वर्णन करावं. सकाळी एक बस हॉटेलच्या दारात आली. आमच्या छातीवर नंबराचे स्टिकर चिकटवले, जनावरांच्या कानात बिल्ला मारतात तसे. गाइड मोठा हसरा होता, हातात पिवळी छत्री. ही छत्री दिसेल तिकडं यायचं, म्हणे. पहिलीपासून चौथीपर्यंतच्या पोरांना मी ज्या सुरात बोलते, त्याच सुरात तो आमच्याशी बोलत होता, तेव्हा मला कळलं की पोरं माझ्याकडं तसं का बघतात. बसमध्ये एसी इतका, की आईनं माझी ओढणी घेऊन कानाला गुंडाळली. नऊवारी, पायात भावानं घेतलेले पांढरे बूट, डोक्याला ओढणी. बसमधल्या निम्म्या लोकांनी अवशेषांच्या आधी आईचेच फोटो काढले.

माया लोकांकडं जायच्या आधी आम्हाला माया लोकांच्या नावाच्या दुकानात नेलं. तिथून दुसऱ्या दुकानात नेलं, तिथं पहिल्याच दुकानातला माल होता. मग जेवण. आईनं मक्याची रोटी उचलून उजेडात धरली, आणि थापायचा आळस केलाय, असा निकाल दिला. मग पिशवीतून शेंगदाण्याची चटणी काढली आणि तिच्याबरोबर त्याच आळशी भाकरी चार खाल्ल्या. भाऊ मात्र जेवेना. आईला सारखं पाणी पी, पाणी पी करत होता. लहानपणी पाटी फोडून आला की असाच करायचा. मला तेव्हाच शंका यायला पाहिजे होती.

बसमध्ये गाइडनं सांगितलं की ही थोर माया माणसं एक दिवस गूढपणे नाहीशी झाली. भाऊ आईला मराठीत सांगत होता. थोड्या वेळानं तोच गाइड म्हणाला, माझी आजी घरात माया भाषाच बोलते. आईनं भावाला विचारलं, मग ही म्हातारी कोण? नाहीशी व्हायची राह्यली का? भावानं हे गाइडला सांगितलं नाही. सांगायला पाहिजे होतं.

शेवटी दुपारच्या उन्हात छत्रीमागं चालत आम्ही त्या मैदानात आलो. आणि खरं सांगते, ते देऊळ फोटोत मावणारं नव्हतंच. आईनं मान वर केली आणि शेवटपर्यंत बघून घेतलं. मग पदर खोचला.

आणि मग मला दोरी दिसली. चारी बाजूंनी, खालच्या पायरीच्या अलीकडं, खांबांना बांधलेली. शेजारी पाटी, पाटीवर चढणाऱ्या माणसाचं चित्र आणि त्यावर लाल फुली. ती वाचायला कुठलीच भाषा यायची गरज नव्हती. मी भावाकडं बघितलं, तो दुसरीकडं बघत होता. फोटो जुना होता. चढणं कधीचं बंद झालं होतं. हे त्याला दोन दिवसांपूर्वी कळलं होतं, आणि तिथं गेल्यावर बघू म्हणून यानं आईला पाणी पाजायचं ठरवलं होतं. मी त्याला जे बोलले ते इथं लिहिण्यासारखं नाही. आसपास कुणाला मराठी येत नव्हती, याचा मी पुरेपूर फायदा घेतला.

आई मात्र दोरीपाशी उभी राहिली. हात मागं बांधलेले, पाय जवळ घेतलेले. असं उभं राहिलेलं मी तिला कधी बघितलं नव्हतं, पण हे उभं राहणं माहेरच्या देवळापुढचं, ते मला लगेच कळलं.

मग तिनं भावामार्फत गाइडची उलटतपासणी घेतली. कुणालाच जाऊ देत नाहीत? कुणालाच नाही. गोऱ्या लोकांना? नाही. इथल्या मोठ्या साहेबाला? त्यालाही नाही. आणि आधी, हे लोक होते तेव्हा? तेव्हा राजा आणि पुजारी वर जायचे, गाइड म्हणाला, बाकीचे इथं खाली, आपण उभे आहोत तिथंच. आईनं पायाखालच्या जमिनीकडं बघितलं आणि अर्धं पाऊल मागं सरली.

आता आम्ही मराठवाड्याची माणसं. बंद म्हणजे बंद, हे आम्हाला पटत नाही. बंद म्हणजे अजून कुणाला भेटायचं राहिलंय. भावानं गाइडला बाजूला घेतलं. म्हातारी बाई, पार भारतातून आली, गुडघे गेले, शेवटचा चढ, सगळं रंगवून सांगितलं. गाइडचे डोळे भरून आले. तो दोरीजवळच्या पहारेकऱ्याशी बोलला. पहारेकऱ्यानं आईकडं बघितलं, पांढऱ्या बुटांकडं बघितलं, इकडंतिकडं बघितलं आणि म्हणाला, पाच-सहा पायऱ्या, पटकन. त्यानं स्वतःच्या हातानं दोरी वर उचलून धरली.

भाऊ फोन काढून तयार. मी आईची पिशवी घेतली. माझ्या मनात आलं, झालं, आलो त्याचं सार्थक झालं. आई वाकली, दोरीखालून गेली आणि खालच्या पायरीवर तिनं एक पाय ठेवला.

तेवढ्यात दुसऱ्या गटातली एक बाई काठी टेकत आली. आमच्या आईच्याच वयाची, गोरी, उन्हानं लाल झालेली. तिला वाटलं, दोरी उघडली. तीही वाकायला लागली, तर पहारेकऱ्यानं आडवा हात घातला. तुम्ही नाही, फक्त या. ती बाई ओशाळली आणि चटकन मागं सरली.

आईनं पायरीवरचा पाय काढला.

"तिला कामून न्हाई?"

भाऊ म्हणाला, आई, ते सोड, तुझ्यासाठी खास परवानगी काढलीय, चढ लवकर. मीही म्हणाले, चढ ना, माय. एवढ्या लांब आलो. शेवटी मी तिच्यावर ओरडलेसुद्धा.

"एकासाठी उचललेली दोरी," आई म्हणाली, "मला म्हाईत हाय ती. चला."

आणि ती दोरीखालून बाहेर आली. पहारेकऱ्याला तिनं हात जोडले. तो बिचारा दोरी धरून तसाच उभा.

माझा संताप संताप झाला. मला रडू आलं ते रागाचंच, असं मी भावाला सांगितलं. रोज पहाटेची तालीम, व्हिसा, विमानातलं ते रबरासारखं जेवण, आणि या बाईला समोर उघडी पायरी असताना तत्त्व सुचतंय. तोवर आई त्या काठीवाल्या बाईशेजारी झाडाखाली जाऊन बसली होती. माझ्याकडून ओढून नेलेल्या पिशवीतली चिक्की दोघींत वाटली होती. एक मराठीत बोलत होती, दुसरी कुठल्या भाषेत ते मला कळलं नाही, आणि दोघी एकमेकींना गुडघे दाखवत होत्या. पलीकडं पिवळी छत्री लोकांना टाळ्या वाजवायला लावत होती. तिथं टाळी वाजवली की देवळातून पाखराच्या आवाजासारखा पडसाद येतो. आईनंही बसल्या जागी एक टाळी वाजवली, आणि देवळानं तिलाही उत्तर दिलं.

परत येताना बसमध्ये भाऊ पुढं तोंड पाडून बसला होता. मी आईशी बोलायचं नाही असं ठरवलं होतं, ते पहिल्या वळणापर्यंत टिकलं. मी विचारलं, वाईट वाटलं का गं? ती खिडकीतून बाहेर बघत होती. वाईट तर वाटलं, म्हणाली. वरून काय दिसतं ते बघायचं होतं. मग माझ्या हातावर हात ठेवून म्हणाली, "पर असं कधी उभं राह्यले नव्हते मी, पोरी. राजाबी न्हाई वर, पुजारीबी न्हाई. समदे खाली."

जालन्याला आल्यावर तिनं शब्द पाळला. गच्चीवरचे पापड आता मी वाळवते. बँकेत कर्जाचा साहेब वरच्या मजल्यावर बसतो, तर आई खाली बाकावर बसते आणि त्यालाच खाली बोलावते. तो येतो. डॉक्टर खूश आहेत, त्यांना वाटतं त्यांच्या गोळ्यांचा गुण आहे.

आल्या आल्या गल्लीतल्या बायका जमल्या होत्या. भाऊ फोनवर फोटो पाठवत होता, मी बायकांना दाखवत होते. एकीनं विचारलंच, एवढं बोलून गेल्ता, मंग चढल्या का वर?

"न्हाई," आई म्हणाली. "दोरी बांधलेली हाय तिथं."

बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. तिच्या वयाची एक शेजारीण आहे, आमच्याच समाजातली. तिनं आवाज खाली करून विचारलं, "कुणाला?"

आईनं आधी चहाचा घोट घेतला. आवडीचा पदार्थ कुणी शेवटच्या घासाला ठेवतं, तसा तो शब्द तिनं ठेवला होता.

"समद्यांला," ती म्हणाली.