कपॅसिटरचा वैद्य

दापोड्याचा हा मेकॅनिक वीज साठवणाऱ्या कपॅसिटरच्या ॲल्युमिनियमच्या डोक्यावर नुसता अंगठा फिरवतो आणि आतलं रसायन किती सुकलंय ते सांगतो. डॉक्टरांनी शिकवणी लावावी त्याच्याकडे!

चार वर्षं बंद असलेला माझा कापडाचा लूम त्या दिवशी चालला नसता, तर हातची ऑर्डर गेली असती; म्हणून त्याला बोलावलं. मी बटणाकडे झेपावलो, तर त्याने मनगटच धरलं.

“ओ शेठ, चार वर्षं उपाशी हाय याचा कपॅसिटर. एकदम बिर्याणी वाढता काय? फुटंल ना!”

मग वीज बेताने जावी म्हणून वायरीच्या मध्ये बल्ब जोडून दिवसभर त्याने कपॅसिटरला चमच्याचमच्याने वीज पाजली. संध्याकाळी लूम असा गरजला की अंजूर गावचे कावळे उडाले. मी आनंदाने ओरडलो.

त्याने ओठावर बोट ठेवलं. “हळू, शेठ. आत्ताच उठलाय तो.”