बेलिफनानांची एसटी

बेलिफनाना ड्यूटीवर असताना कुणाच्या घरचं पाणीसुद्धा पीत नसत. घोडेगावच्या कोर्टातली समन्सं घेऊन ते गावोगाव फिरायचे. खांद्याला कापडी पिशवी, तिच्यात पाण्याची बाटली, एक डायरी आणि गव्हाच्या खळीची डबी. कुणी चहा पुढं केला की म्हणायचे, "कागद आणणाऱ्याचं तोंड कोरडं बरं."

मला हे सोंग वाटायचं. मी प्लंबरच्या हाताखाली पाने उचलत वर आलो आणि ओतूरला पाइप-टाक्यांचं दुकान टाकलं. घासाघिशीत मला आजवर कुणी हरवलेलं नाही. पण चहाच न घेणारा माणूस पटवायचा कसा, हे मला येत नव्हतं.

आमची गाठ पडली ती एका रिसॉर्टवाल्यामुळं. शिनोलीच्या पुढं, भीमाशंकरच्या रस्त्याला त्यानं रिसॉर्ट बांधलं. टाक्या, पाइप, नळ, सगळा माल माझा. साडेचार लाख थकले. दोन वर्षं फोनवर 'पुढच्या सोमवारी' ऐकलं. एकदा गेटवर जाऊन मी आरडाओरडा केला, तर त्यानं माझीच पोलिसांत तक्रार केली. शेवटी वसुलीचा दावा लावला. आता दावा पुढं सरकायचा तर समन्स त्याच्यापर्यंत पोचायला हवं होतं, आणि ते पोचवणार होते बेलिफनाना.

पहिल्या दिवशी मी पिकअप घेऊन घोडेगावच्या स्टँडवर हजर. ऊन मी म्हणत होतं.

"नाना, बसा. दहा मिनिटांत सोडतो."

"तुमी व्हा पुढं, भाऊ. एसटी येतीय."

"एसटीचा काय भरवसा?"

"तिचा नाय. तिकिटाचा हाय."

दीड तासानं एसटी आली. रिसॉर्टच्या गेटवर नानांनी मला रस्त्याच्या पलीकडं उभं केलं. "बोटानं जागा दाखवा. आत पाऊल टाकू नका, त्वांड उघडू नका." वॉचमन म्हणाला, साहेब पुण्याला. नाना मागं फिरले. मी भडकलो, "अहो, त्याची गाडी उभी आहे आत!"

"गाडीवर समन्स बजावता येत नाय, राव."

दुसऱ्या खेपेलाही तेच. तिसऱ्या खेपेला मालक तोंडात ब्रश घेऊन अंगणातच सापडला. नानांनी समन्स त्याला सावकाश वाचून दाखवलं. तो थुंकला आणि म्हणाला, "नाय घेत. काय करशील?"

"काय नाय करणार. खळ लावणार."

समोरच्या टपरीवरची मावशी आणि एक निवृत्त मास्तर यांना पंच म्हणून बोलावलं. त्यांच्यासमोर नानांनी दारावर समन्स डकवलं, कोपरे अंगठ्यानं दाबले, वेळ लिहिली, सह्या घेतल्या. या तीन खेपांत अकरा महिने गेले. त्यांतला एकेक महिना मी नानांच्या नावावर मांडून ठेवला होता.

मालक कोर्टात फिरकला नाही. निकाल एकतर्फी माझ्या बाजूनं लागला. वसुली सुरू होताच मात्र तो नवा वकील घेऊन आला. म्हणे, समन्स मिळालंच नाही, वादीनं बेलिफाला खिशात घातलं होतं. हे कोर्टानं मानलं असतं, तर निकाल रद्द आणि मी पुन्हा पहिल्या पायरीवर.

नाना साक्षीला उभे राहिले. वकिलानं विचारलं, "वादीच्या पिकअपमधून गेलात, वाटेत त्याच्याच पैशानं जेवलात, हे खरं ना?"

नानांनी पिशवीतून डायरी काढली. तीन तारखांच्या तीन पानांवर जायचं-यायचं तिकीट, त्याच खळीनं चिकटवलेलं. शाई उडत आली होती, पण तारीख वाचता येत होती. न्यायाधीशांनी चष्मा पुढं ओढून प्रत्येक तिकीट पाहिलं. वकील खाली बसला. मालकाचा अर्ज फेटाळला गेला.

मागच्या बाकावर बसून मी ते पाहत होतो. आयुष्यात मी पुष्कळ माणसं गाडीत बसवून कामं करून घेतली. इथं माझं काम झालं होतं ते एक माणूस गाडीत न बसल्यामुळं.

साडेचार लाख हप्त्याहप्त्यानं वसूल झाले. व्याज मात्र मी मागितलं त्याच्या निम्मंच मिळालं. ते दुखणं मी विसरलेलो नाही, विसरणारही नाही.

नाना पुढं रिटायर झाले. मागच्या महिन्यात घोडेगावच्या स्टँडवर पिशवी घेऊन उभे दिसले. बसणार नाहीत हे ठाऊक असल्यानं मी गाडी थांबवणार नव्हतो, पण त्यांनीच हात केला. पुढच्या सीटवर बसले, काच खाली घेतली. रस्त्याकडं बघत म्हणाले, "त्या दिवशी उन्हात लई मन झालं व्हतं, भाऊ, तुमच्या गाडीत बसायचं."

मी शिनोलीला गाडी उभी केली आणि दोन चहा सांगितले. नानांनी कप बशीत रिकामा केला, फुंकर घालत प्याले आणि अजून एक मागितला.

पैसे मी दिले. त्यांनी देऊ दिले.